पट्टा सुटत नाही

४ मार्च
आले बाई एकदाची विमानतळावर! धाकटा भाऊ घ्यायला आला होता. इथं तो विमान उडवतो आणि मी पट्टे शिवणार. शेडमध्ये खिडकीपाशी मशीन दिलंय, उजेड भरपूर.
लंबू म्हणून एक वैमानिक होता. विमान हवेत उलटं झालं आणि तो खुर्चीतून खाली पडून गेला. मागच्या खुर्चीतल्या सोबत्यानं विमान कसंबसं उतरवलं. तेव्हा विमानं दुरुस्त करणाऱ्या मिस्त्रींनी ठरवलं, खुर्चीला पट्टा हवाच. वैमानिक हसतात. आम्ही काय पाळण्यातली बाळं, म्हणतात. त्यात आमचे बंधुराज सगळ्यांत पुढे. कानच उपटायला हवेत मेल्याचे.

९ मार्च
लंबूच्या खुर्चीला पट्टा बसवला आणि उघडा ठेवून जेवायला गेले. येऊन बघते तर बक्कल लागलेलं, पट्टा ताठ, मधे कुणी बसल्यासारखा. शेडमधल्या पोरांना चांगलं फैलावर घेतलं. कुणीच कबूल होईना.

१५ मार्च
आज पुन्हा तेच. सोडायला गेले तर पट्टा गरम लागला, आणि माझ्या हातातून कुणीतरी ओढून घेतला. मग वाटलं, लंबू बिचारा सांगतोय, बांधा रे.
धाकट्याला माझ्या गळ्याची शपथ घातली. बरं ताई, बांधतो, म्हणाला.

२१ मार्च
धाकटा गेला.
लंबूचंच विमान होतं. उतरताना कलंडलं, पेटलं. तो शुद्धीवर होता, बक्कल ओढत होता. मिस्त्री म्हणतात, बक्कल अडकलं. मी पाहिलं — त्याच्या हातांवर मागून दोन लांब हात होते. घट्ट धरून. पडू नये म्हणून.
मी शपथ घातली नसती तर —

२४ मार्च
मिस्त्री म्हणाले, पट्टे बंद करू. मी नाही म्हटलं. बांधायचाच, पण एका हिसक्यात सुटला पाहिजे. दोघांनी मिळून नवं बक्कल केलं. रडू येत नाही.

२८ मार्च
नव्या खुर्चीत बसायला कुणी धजेना. मीच बसलेय, वही मांडीवर. मिस्त्री समोर उभे आहेत. हे बक्कल सुटलं तरच ते विमानात बसवणार, नाहीतर पट्टेच बंद.
ओढलं — सुटलं! पुन्हा लावलं.
पट्टा गरम होतोय —
ओढते — सुटत नाही —
मागून हात आले. लंबूचे नव्हेत. हे मी त्याच्या लहानपणी धुतलेत.
सोड रे राजा. नाही पडत तुझी ताई. सुटू दे, मिस्त्री बघतायत, उद्या दुसऱ्या कुणाचा भाऊ —