नावाचं कडवं

१० मार्च २००७, शनि.

दुपारी प्रॅक्टिस. गास्टहाउसच्या मागच्या हॉलमध्ये, काउबॉय हॅट घालूनच. हॅटशिवाय मान्फ्रेड प्रॅक्टिस सुरू करत नाही. कंपनीत तो प्रेस शॉपचा माइस्टर, म्हणजे फोरमन, आणि मी इंजिनियर. या कंट्री म्युझिकच्या क्लबात सगळं उलटं, इथे तो बँडचा मालक आणि मी 'मिलो'.

बातमी: आमची सीडी नक्की. पहिलं गाणं माझं, 'कोल बाय द लाइन'. सगळ्यांनी टेबलं वाजवली. सहा वर्षं झाली या क्लबात. आधी कोपऱ्यात गिटार, मग हायवेवरच्या ऑटोहोफवर ट्रकवाल्यांसमोर दोन-दोन गाणी, आता सीडीवर पहिलं. आनंद व्हायला हवा होता.

मान्फ्रेडनं विचारलं, "शब्द, चाल, दोन्ही तुझं ना? कव्हरवर लिहायचंय."

म्हटलं, हो.

शब्द आप्पांचे. चालही आप्पांची. मी इंग्रजी केलं आणि गिटारवर बसवलं. आणि आप्पा पुढच्या रविवारी येतायत.

१८ मार्च, रवि.

म्युनिकला आप्पांना घ्यायला गेलो. अंगात स्वेटरवर स्वेटर. पेटी विमानात नेऊ देतात का नाही म्हणून घरी ठेवली, खंजिरी मात्र आणलीय. बॅगेत सगळ्यात वर तीच.

आई गेल्यापासून मनमाडला एकटे. रेल्वे वर्कशॉपात फिटर होते, पण गावाला ठाऊक ते गायन पार्टीचे. एप्रिल-मेमध्ये बाप घरी दिसायचाच नाही. आज या गावची जयंती, उद्या त्या.

माझ्या लेकीशी, यशूशी मराठीत बोलतात, ती जर्मनमध्ये उत्तर देते. दोघांचं झकास चाललंय.

बायको, वैशाली, स्वयंपाकघरात हळूच म्हणाली, "सांगितलंस का गाण्याचं?" म्हटलं, अगं आजच आलेत, दमलेत.

२५ मार्च, रवि.

सकाळी आप्पांनी खंजिरी काढली. दोन थापा पडतात न पडतात तोच खालच्या मजल्यावरच्या फ्राऊंनी, बाईंनी, छताला काठी ठोकली. रविवारची रूहे, शांततेचा नियम. म्हटलं, आप्पा, इथे रविवारी चालत नाही. "बरं," म्हणाले आणि खंजिरी उशीवर ठेवली.

मग, "तू गातोस म्हणे. वैशाली फोनवर सांगायची."

"असंच. इंग्रजी असतं."

"ऐकव की."

"घसा बसलाय."

संध्याकाळी खाली तळघरात दार लावून तासभर प्रॅक्टिस केली. घसा छान चालला होता. वर आलो तर आप्पांनी माझ्यासाठी सुंठेचं पाणी उकळून ठेवलेलं. प्यायलो. दुसरं काय करणार.

१४ एप्रिल, शनि.

जयंती. न्युरेम्बर्गला हॉल घेतला होता. आम्ही इंगोलश्टाटहून, बाकी तिथलीच आयटीवाली मंडळी, येनाहून चार-पाच संशोधक. जयभीम-जयभीम, छोले, लोकांच्या मुलांची भाषणं (जर्मनमध्ये). मग आप्पांना आग्रह. खंजिरी घेऊन उभे राहिले आणि नेमकं तेच गाणं काढलं.

माय माझी वेची कोळसा गं, रुळाच्या कडेला
अक्षर आलं माझ्या हाती, काजळी तिच्या पदराला

लोक रडले. एरवी पॉवरपॉइंट दाखवणारे लोक.

येनाची प्रज्ञा, लेसरवर काम करते, ती आप्पांजवळ आली. "हे आमच्या घरी कॅसेटवर होतं. माझे वडील रोज लावायचे. पण शेवटचं कडवं नव्हतं त्यात. आणि वर लिहिलेलं, पारंपरिक."

आप्पा हसले. "शेवटच्या कडव्यात करणाऱ्याचं नाव असतं, पोरी. कॅसेटवाल्यानं तेवढं कापलं." मग म्हणाले, "गाणं कुणी पण गावं. चाल घ्यावी, शब्द फिरवावेत, आमच्यात कुणी ना म्हणत नाही. नाव तेवढं राखायचं असतं. नाव गेलं की गाणं बेवारशी."

मी कागदी प्लेटा गोळा करत होतो. दुसऱ्यांच्याही टेबलांवरच्या केल्या.

१५ एप्रिल, रवि.

झोप नाही. लिहूनच टाकतो.

ते कडवं:

आधीची दोन गेली म्हणून कचरू ठेवलं नाव
कचरू गातो त्या माऊलीला, ऐकतं सारं गाव

कचरू. पुण्याला कॉलेजात पहिल्या दिवशी पूर्ण नावानं हजेरी, मिलिंद कचरू. मागच्या बाकावरून कुणीतरी झाडू मारल्याचा आवाज काढला. वर्ग हसला. मीही हसलो, हे जास्त वाईट. चारही वर्षं तो आवाज होता. इथे आल्यावर काय बरं वाटलं असेल तर हे, की बापाचं नाव कुणी विचारत नाही.

इंग्रजी करताना तीन कडवी केली आणि वही मिटली. चौथं घ्यायचं नाही असं ठरवलंही नव्हतं. हात आपोआप थांबला. चोर निदान ठरवून चोरतो.

त्या कॅसेटवाल्याच्या जागी आता मी.

२८ एप्रिल, शनि.

क्लबचा जाहीर कार्यक्रम. मी स्टेजवर, हॅट, बूट, सगळा जामानिमा. दुसरं गाणं संपता संपता दार उघडलं. वै., यशू आणि त्यांच्यामागे आप्पा. वै.नं मुद्दाम आणलं. नंतर म्हणाली, "तू जन्मात सांगितलं नसतंस."

पुढचं गाणं तेच. मान्फ्रेडनं माइकवर सांगितलं, मिलोनं हे स्वतःच्या आजीवर लिहिलंय. जर्मन आप्पांना कळत नाही. पण पहिल्या ओळीलाच चाल ओळखली. टेबलावर बोटं चालू झाली, खंजिरीची. बरोबर तालात. मान्फ्रेडची पेडल स्टील गिटार आणि आप्पांची बोटं, सुंदर चाललं होतं, खरंच.

तिसरं कडवं झालं, मी संपवलं. टाळ्या. आप्पांची बोटं तशीच एक आवर्तन पुढे गेली. चौथ्याची वाट बघत. मग थांबली. टाळ्यांमध्ये कुणाच्या लक्षात आलं नाही. मी बघत होतो.

मग सगळे आप्पांभोवती, 'ओपा, ओपा' म्हणजे आजोबा, आजोबा करत. रेड इंडियन बनून डोक्याला पिसं लावलेला बँकेतला एक जण त्यांच्याबरोबर फोटो काढून गेला. मान्फ्रेडनं विचारलं, "ओपाला मुलाचं गाणं कसं वाटलं?" मी मराठीत विचारलं.

आप्पा म्हणाले, "गळा चांगलाय. शेवटचं कडवं कुठंय?"

मी मान्फ्रेडला सांगितलं, फार आवडलं म्हणतात.

यशू मध्येच, "पापा, दास हाट आजोबा गार निश्ट गेझाग्ट." आजोबा असं म्हणालेच नाहीत. आणि तिनं मान्फ्रेडला खरं काय ते जर्मनमध्ये स्वच्छ सांगितलं. आठ वर्षांची आहे, तिला काय माहीत.

"आल्झो, असं आहे तर," मान्फ्रेड म्हणाला. "कुठलं कडवं?"

म्हटलं, नंतर सांगतो. आणि हॅट नीट करत बसलो. मेल्याहून मेल्यासारखं झालं.

२९ एप्रिल, रवि.

सकाळी आप्पांनी सगळ्यांना चहा केला. यशूनं विचारलं, आजोबांचं नाव असं का? तिला कुठून कळलं कोण जाणे, वै.नंच सांगितलं असणार. आप्पा तिला मांडीवर घेऊन सांगत बसले. त्यांच्या आधीची दोन भावंडं तान्ही असतानाच गेली. मग आजीनं यांना कचरू म्हणायला सुरुवात केली, म्हणजे मरणाला वाटेल हा टाकाऊच आहे, कशाला न्यायचा.

"उंड दान?" यशू.

"मग काय. जगलो."

मी खिडकीशी उभा. माझ्याकडे न बघता म्हणाले, "त्या कॅसेटवाल्याचं मी कधी मनाला लावून घेतलं नाही. तो परका होता."

एवढंच. पुढे दिवसभर नीट बोलले, टीव्हीवरचा फुटबॉल बघून हसलेसुद्धा.

६ मे, रवि.

मान्फ्रेडच्या घरी जाऊन सांगितलं. गाणं माझं नाही, वडिलांचं आहे. तो गाडी धूत होता. पाइप बंद केला, परत सुरू केला, पूर्ण बॉनेट धुऊन काढलं. मग म्हणाला, "ओपा तिथे बसलेले असताना मी माइकवर खोटं बोललो. तुझ्यामुळे." त्याचा राग तेवढ्यावरच. पण तो राग खरा होता.

पुढे व्यवहाराचं. कव्हर जूनमध्ये छापायला जाईल, तोपर्यंत बदलता येतं. चौथं कडवं महिनाअखेरच्या फिंग्स्टन सणाच्या फेस्टला गायचं, जमलं तर रेकॉर्डिंगलाही घालू.

"ओपाचं नाव काय?"

"सांगतो."

"सांगतो म्हणजे?"

"सांगतो."

गेनाऊ, अगदी असाच मी. इथपर्यंत जाऊन शेपूट घातली.

घरी येऊन आप्पांना म्हटलं, फेस्टला शेवटचं कडवं तुम्ही म्हणा, मराठीतच. मला वाटलं खूश होतील.

"मी कशाला? गाणं तू म्हणतोस ना? मग नाव तूच घ्यायचं. गाणाऱ्यानं घ्यायचं असतं ते."

२७ मे, रवि. फिंग्स्टन.

मोठा तंबू, लांब बाकं, बिअर, भाजलेल्या डुकराचा वास. आप्पा पहिल्या बाकावर, सफरचंदाचा रस समोर, हातात खंजिरी. मान्फ्रेडनं स्वतः त्यांना माइक लावून दिला.

तीन कडवी इंग्रजीत. मग मान्फ्रेडची पेडल स्टील, लांब. मग मी मराठीत, "आधीची दोन गेली म्हणून" आणि तोंड माइकपासून वळवलं. खोकला आल्यासारखं केलं. "ठेवलं नाव" परत माइकवर. पुढच्या ओळीत "कचरू गातो" ऐवजी "लेक गातो" असं झालं. झालं म्हणजे काय, मीच केलं.

तंबू बव्हेरियन लोकांनी खच्चून भरलेला. त्यातल्या एकालाही त्या शब्दाचा अर्थ माहीत नाही. त्यांच्यासाठी ते नुसतं नाव, एखाद्या योहानसारखं. तरी तो झाडूचा आवाज माझ्या कानात. मग मी कुणाला लाजलो? पुण्याचा तो मागचा बाक आता कुठल्या कुठे असेल, घरी पोरंबाळं सांभाळत असेल.

यशूनं मात्र बाकावर उभं राहून दोन्ही वेळा मोठ्यानं "कचरू" म्हटलं. मला स्टेजवर ऐकू आलं.

आप्पांची खंजिरी कुठे चुकली नाही. उतरल्यावर त्यांच्याकडे बघवेना. ते म्हणाले, "पदराची ओळ इंग्रजीत बरी बसवलीस." बस.

घरी आलो. चपला काढताना वै. म्हणाली, "मिलिंद, मी त्या माणसाची सून म्हणून मिरवते. तुला कसला एवढा त्रास होतो रे?"

९ जून, शनि.

आप्पा मनमाडला परत गेले. विमानतळावर सामान चेक इन करून झाल्यावर बराच वेळ होता, कॉफी घेतली. सीडीचा विषय त्यांनी काढला नाही. मी दोनदा तोंड उघडलं आणि दोनदा विचारलं, स्वेटर वर ठेवलाय ना?

आत जाताना पाठीवर हात ठेवला. "आवाज बसतो कधी कधी ऐनवेळी. माझा पण बसायचा."

त्यांचा आवाज कधी बसला नाही. मनमाडला विचारा कुणालाही. माझ्यासाठी खोटं बोलले. त्यापेक्षा एक ठेवून दिली असती तरी चाललं असतं.

घरी आलो तर खंजिरी यशूच्या पलंगावर. तिलाच देऊन गेलेत.

१२ जून, मंगळ.

कंपनीतून आलो तोच मान्फ्रेडचा फोन. कव्हर उद्या सकाळी जातंय. 'शब्द आणि चाल' याच्यापुढे जागा मोकळी ठेवलीय त्यानं. "मी आता विचारणार नाही, मिलो. रात्रीपर्यंत फोन आला तर नाव छापतो. नाही आला तर जागा तशीच कोरी जाईल. तुझं नाव तिथे येणार नाही." ठेवला.

यशू आंघोळ करतेय. आत तेच कडवं चाललंय, बादलीवर ताल धरून. तिच्या तोंडचा तो जर्मन 'र', घशातला. कचरू गातो त्या माऊलीला. परत पहिल्यापासून. कुठेच अडखळत नाही.

फोन बाथरूमच्या शेजारीच. दार अर्धं उघडं. तिचा आवाज तिकडे जाईल म्हणून दार लावायला उठलो. कडीवर हात ठेवून उभा राहिलो. मग लावलं नाही, तसंच ठेवलं.

नंबर फिरवला. एंगेज आहे. परत लावतो.