उत्तर किनारा विभागाची सहावी पाटी

मी, तौनो रिन्ताला, वय एकोणऐंशी, पोर्ट केरविनच्या रिंकवर एकेचाळीस वर्षं बर्फ घालणारा आणि व्यावसायिक आइस हॉकीच्या उत्तर किनारा विभागाचा पहिला आणि शेवटचा चिटणीस, माझ्यामागे माझ्या वस्तूंचं काय करायचं ते या कागदावर लिहून ठेवतो. डोकं ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. त्यात माझ्या गुडघ्यांविषयी लिहिलंय ते खरं, पण कानांविषयी मला पुढे वेगळं सांगायचं आहे. कोणी धाक घातलेला नाही, कोणी गोड बोलून लिहवून घेतलेलं नाही. १९७१ सालचं माझं मृत्युपत्र रद्द समजावं. त्यात सगळं लेम्पीला, माझ्या बायकोला, दिलं होतं, आणि ती माझ्याआधी निघून गेली.

मॅकव्हे वकीलबाई म्हणाल्या, "मिस्टर रिन्ताला, मृत्युपत्रात इतिहास घालू नका." मी म्हटलं, बाई, इतिहास काढला तर माझ्याकडे एक घर आणि चार फावडी उरतात.

कलम १. गरम पाण्याचं चाकांचं पिंप, त्यामागे ओढायचं जाड कापड, कडा तासायची दोन पाती आणि चारही फावडी डोना किवेलाला द्यावीत. ती आता रिंकचा बर्फ बघते. हल्ली हे काम यंत्र करतं हे मला ठाऊक आहे. यंत्र बिघडेल तेव्हा ती माझी आठवण काढेल.

कलम २. कॉपर नॅरोज संघाचा माजी मॅनेजर क्लॅरन्स व्हिडन याने १९५३ साली भर बैठकीत "रिन्तालाचा बर्फ म्हणजे लापशी" असे उद्गार काढले होते. त्याला माझी गळकी बादली द्यावी. माफी मागितली तर चांगली बादली द्यावी. तो मागणार नाही.

कलम ३. विभागाची कागदपत्रं, तेवीस वह्या आणि रिंकच्या दारातला गुणफलक. हे सगळं गावाच्या वाचनालयाला, पण फलक जागचा हलवायचा नाही.

हा विभाग १९४९ च्या सप्टेंबरात केरविन हॉटेलच्या जेवणघरात जन्मला. लीगने दक्षिणेची मोठी शहरं एका विभागात घातली. तळ्याकाठची उरलेली सहा गावं दुसऱ्यात ढकलली, रात्रीचं उरलेलं सकाळी एका तव्यावर परतावं तशी. पोर्ट केरविन, कॉपर नॅरोज, टॅमरॅक, सेंट आन्सेल्म, हॅल्व्हर्सन बे आणि तळ्याच्या पलीकडच्या काठावरचं लाक पेर्द्री. प्रत्येक संघाने बाकीच्या पाचांशी दहा-दहा सामने खेळायचे, वरच्या चौघांनी पुढे जायचं. नियम मी लिहिले. सातवा नियम असा: खेळ सुरू होण्याच्या वेळेला जो संघ हजर नसेल, तो हरला. पहिल्या नऊ हिवाळ्यांत एकही सामना चुकला नाही, आणि याचा मला जो गर्व होता तो कोणा बापाला पोराचा नसेल.

पुढचं थोडक्यात. बासष्टमध्ये टॅमरॅकची लाकडाची गिरणी बंद पडली आणि संघही बंद पडला. सदुसष्टमध्ये सेंट आन्सेल्म दक्षिण विभागात गेलं, नाक वर करून. सत्तरमध्ये हॅल्व्हर्सन बेचं रिंक जळालं. मग आम्ही आणि कॉपर नॅरोज असे दोघेच उरलो. दोन वर्षं एका हिवाळ्यात तीस-तीस वेळा एकमेकांशीच खेळलो, भांडकुदळ नवरा-बायकोसारखे. बहात्तरमध्ये लीगने विभागावर रेघ मारली. व्हिडनने फोन करून विचारलं, "आता भांडायचं कोणाशी रे, तौनो?" त्या माणसाने मला विचारलेला तो एकच शहाणा प्रश्न.

जो संघ मोडला त्याच्या नावाची लाकडी पाटी मी फलकावरून स्वतः उतरवली. शेवटी आमची आणि कॉपर नॅरोजचीही. एक मात्र उतरवली नाही. लाक पेर्द्रीचा संघ एकोणसाठमध्येच संपला, पण त्याची पाटी अजून सहाव्या खिळ्यावर आहे. लोक समजतात, गेलेल्यांच्या सन्मानासाठी. तसं नाही. ती उतरवायला माझा हात जात नाही.

कलम ४. मिल स्ट्रीटवरचं माझं घर, मागची वाफेची सौना आणि त्यातल्या सर्व वस्तूंसह, ओदेत तेसिए हिला द्यावं. का, ते पुढच्या कलमात.

कलम ५. हे कलम म्हणजे माझी जबानी समजावी.

शनिवार, २१ फेब्रुवारी १९५९. संध्याकाळी लाक पेर्द्रीशी आमचा सामना होता. बर्फाच्या वादळाने रस्ता बंद पडला. गोठलेल्या तळ्यावरून आलं तर अकरा मैल. त्या तळ्यावरच्या वाटेच्या दोन्ही बाजूंना स्प्रूस झाडाच्या फांद्या रोवून खुणा करायचं आणि बर्फाची जाडी मोजायचं काम गावाने माझ्यावर सोपवलं होतं. बर्फातलं याला कळतं, असं सगळे म्हणत. मीही म्हणत असे.

दुपारी एकला त्यांच्या बसचा ड्रायव्हर ओविला तेसिए याचा फोन आला.

"तौनो, बर्फ कसाय? खरं सांग हं."

"वीस इंच. सकाळीच भोक पाडून बघितलाय. पांढराशुभ्र, एकदम रिंकसारखा."

"पांढरा? पांढरा मला नको रे. काळा पाहिजे."

"ओविला, तू गाडी चालव. बर्फ माझा धंदा आहे."

"पोरं आहेत बसमध्ये, तौनो. सामना उद्यावर ढकल ना."

"दहा वर्षांत एक सामना चुकला नाहीये. तुझ्यासाठी चुकवू? सातवा नियम माहितीये ना?"

"माहितीये बाबा. तूच लिहिलायस." आणि त्याने फोन ठेवला.

आमच्या धंद्यात बर्फ पांढरा म्हणजे उत्तम. पक, म्हणजे खेळायची काळी रबरी चकती, नीट दिसावा म्हणून आम्ही तो खालून पांढरा रंगवतो, त्याच्या शुभ्रपणावर आमची अब्रू असते. तळ्यावर उलट असतं. तिथे काळा, काचेसारखा बर्फ खरा. पांढऱ्यात भुसभुशीत हिम मिसळलेलं असतं आणि त्याची ताकद निम्मी. इथल्या मासेमाऱ्याच्या शेंबड्या पोरालाही हे कळतं. मलाही कळत होतं. पण वीस वर्षं पांढऱ्या बर्फावर जीव लावलेल्या माझ्या डोळ्यांनी भोकात पाहिलं आणि म्हटलं, वा!

बस साडेतीनला खाली गेली. सोळा जण होते. आमच्याकडे तळ्यावरून जाताना गाडीचं दार उघडं ठेवतात, म्हणून सात जण बाहेर पडू शकले. सातही जणांनी सांगितलं, की पाणी छातीपर्यंत आलं तरी ओविला दाराचा दांडा धरून बसला होता, दार मिटू नये म्हणून.

वादळाने माझ्या फांद्या उडवून दिल्या होत्या. चौकशीत मला विचारलं, बस वाटेवर होती का? ते सांगू शकणारा मी एकटाच होतो. मी बायबलवर हात ठेवून सांगितलं, "नाही. साठ फूट बाहेर गेली होती."

हे खोटं होतं. ओविला तेसिए माझ्या खुणांच्या बरोबर मधोमध गाडी चालवत होता. चूक बर्फ मोजणाऱ्याची होती, आणि तो मी.

त्याच आठवड्यात वहीत मी त्या सामन्यापुढे लिहिलं, "लाक पेर्द्री गैरहजर, पराभूत." सातवा नियम. त्या दोन गुणांवर आम्ही चौथे आलो आणि पुढे गेलो. ती ओळ खोडावी. खोडायला लीग उरली नसेल तर डोनाने खोडावी.

आता कानांविषयी. आमच्या खेळात ज्याला पक हवा असतो तो काठीने बर्फावर दोनदा ठोकतो. ठक ठक. म्हणजे, इकडे दे. त्या फेब्रुवारीपासून मी रिंकवर पाणी घालून बाजूला झालो, की बर्फ धरताना खालून तसा आवाज येतो. ठक ठक. मग थांबतो. मग पुन्हा. त्रेसष्टमध्ये मी नळांचं निमित्त करून अर्धी जमीन उकरली. खाली वाळू आणि नळ, दुसरं काही नाही. रिंक सोडल्यावर आवाज घराच्या फरशीखालून येऊ लागला. लेम्पीलाही तो ऐकू यायचा. पहिली काही वर्षं ती म्हणायची, "तुझे पाहुणे आले." शेवटच्या आजारात तिने माझा हात धरून म्हटलं, "अरे, ते मागतायत ते देऊन टाक ना एकदा." काय मागतायत हे मी तिला कधी सांगितलं नव्हतं. तिने ओळखलं होतं. मला भीती वाटते, आणि गेली एकोणतीस वर्षं वाटते आहे.

पुरवणी, सहीपूर्वी जोडलेली. वरचं सगळं आज दुपारी मी डोना आणि वकीलबाईंना मोठ्याने वाचून दाखवत होतो. ओदेत दर गुरुवारी मला वाटाण्याचं सूप आणून देते. ती ओविलाची मुलगी. तेव्हा अकरा वर्षांची होती, आणि तिच्या बापाने स्वतःसकट नऊ जणांना बुडवलं असं शाळेत ऐकत मोठी झाली. आज ती लवकर आली. कधी आली ते मला कळलं नाही. पाचवं कलम संपलं तेव्हा ती दारात पातेलं घेऊन उभी होती.

तिने पातेलं टेबलावर ठेवलं. मग ती म्हणाली, "तौनोकाका, घर मला देताय. आणि बाबांना काय?"

"त्यांचं नाव, पोरी. ते सरळ चालले होते हे."

"मग त्याखाली साक्षीदार म्हणून माझी सही पाहिजे."

वकीलबाई घाईने म्हणाल्या, "अहो, ज्याला काही मिळतं त्याला साक्षीदार होता येत नाही. सही केलीत तर घर गेलं म्हणून समजा."

"जाऊ दे."

"ओदेत, नीट विचार कर," मी म्हटलं.

"आई विचार करकरून मेली. आणि हे बघा, मी तुम्हाला माफबिफ केलेलं नाहीये."

तिने टेबलावर बोटाच्या पेराने दोनदा ठोकलं, ठक ठक, आणि हात पुढे केला. मी पेन दिलं.

म्हणून कलम ४ रद्द. घर लाक पेर्द्री गावाला द्यावं, पोरांच्या रिंकसाठी. सहावी पाटी ओदेत सांगेल तेव्हा आणि तिच्याच हाताने उतरेल. सूपचं पातेलं ती तसंच भरलेलं परत घेऊन गेली.

पोर्ट केरविन, गुरुवार, १४ जानेवारी १९८८.

लिहून देणार: तौनो रिन्ताला

आमच्यासमक्ष त्यांनी आणि त्यांच्यासमक्ष आम्ही सह्या केल्या:

१. मॅकव्हे, वकील, पोर्ट केरविन

२. ओदेत तेसिए, ड्रायव्हर ओविला तेसिए यांची मुलगी