संध्याकाळी उघडलेलं आभाळ

तैपेइ, १४ जून १९८३

ती. सौ. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

हे पत्र बाबांना मोठ्याने वाचून दाखवण्याआधी एकदा मनात वाच आणि हा पहिला परिच्छेद गाळ. कॉलेज मी सोडलं. फेब्रुवारीतच. प्राध्यापकाशी वाजलं, त्याने बाहेर जा म्हटलं, आणि मी इतका बाहेर गेलो की परत आत गेलोच नाही. आता ओरडून घे. सातवा महिना आहे तुला, तेव्हा बसून ओरड.

मी सिनेमात काम करतो, भुताच्या. नट म्हणून नव्हे, तोंड आरशात बघितलंय मी. सेटवरच्या वस्तू बनवतो: कागदी कंदील, शवपेटी, मेलेल्या माणसाच्या नावाची लाकडी पाटी. आमचे छिउ मास्तर तीस वर्षं हेच करताहेत. त्यांचा एक नियम आहे. पाटीवर नाव लिहायचं ते कुणाचंच नसलेलं, आणि जन्मतिथी लिहायची ती तिसऱ्या महिन्याच्या एकतिसाव्या दिवसाची. चांद्र महिन्याला एकतिसावा दिवस असतोच कुठे? म्हणजे पाटीपुढे मारलेली हाक कुणालाच लागत नाही.

पण या सिनेमातल्या मेलेल्या नवरीच्या पाटीवरचं नाव दिग्दर्शक हो साहेबांना पसंत पडेना. म्हणाले, लाकडाला बारसं केल्यासारखं वाटतंय, खऱ्या नवरीचं वाटत नाही. आणि तेव्हा पेइ-रोंग तिथे होती. (पेइ-रोंग आवाज देते. चित्रीकरणात आवाज घेत नाहीत, नंतर स्टुडिओत भरतात. तिने नुसतं जेवलास का विचारलं तरी माझे हातपाय गार पडतात. पुढचं प्रत्यक्ष भेटीत.) तिच्यासमोर मला सुचलं. आई गेली तेव्हा कापुराच्या लाकडाच्या पेटीत लाल कागद सापडला होता, आठवतो? वान-छिंग. संध्याकाळी उघडलेलं आभाळ. खाली तुझी जन्मतिथी आणि वेळ. आईने केवढं सुंदर नाव काढलं होतं तुझ्यासाठी! आणि मुलगी झाली म्हणून बाबांनी ते पेटीत कोंबून तुला बोंग-छी केलं. म्हणजे, असू दे, आलीच आहे तर वाढवू. हे काय नाव झालं? जन्मभर मी तुला त्यावरून चिडवलं, पण खरा राग बाबांचाच.

तर ते नाव मी पाटीवर कोरलं. तिथीसुद्धा खरीच, पाठ होती मला. छिउ मास्तरांना सांगितलं नाही. कुठेतरी तर ते नाव लागू दे, म्हटलं. रविवारी भर दुपारी मेलेल्या नवरीची आई दारात उभी राहून तिला तीनदा हाक मारते तो प्रसंग घेतला. दोन हाका झाल्या आणि दिवा फुटला. साहेब म्हणाले, राहू दे, तिसरी हाक नुसती ऐकू येऊ दे, चित्रात समुद्र दाखवू. ती पेइ-रोंग भरणार आहे. तिच्या तोंडी तुझं नाव! मला तर आत्तापासून झोप नाही.

दाजींना नमस्कार. भुईमूग ठेव माझ्यासाठी. माया आहे तशी राहू दे, कॉलेजवरून कमी करू नकोस.

तुझा,
आ-येन

मागोंग, पंघू बेट, २१ जून

चि. आ-येन यास,
अ. उ. आ.

कॉलेजचं नंतर बघते. उभी राहून ओरडेन, बसून नाही.

तुझं पत्र मी वाचूनच दाखवलं, सगळं. नावापाशी आले तर बाबांच्या हातातला पेला खाली गेला. उठले आणि बंदराच्या भिंतीवर जाऊन बसले. मी मागे गेले. तिथे त्यांनी जे सांगितलं ते मलाही आजवर माहीत नव्हतं.

वान-छिंग हे नाव बाबांनी काढलं होतं, आईने नव्हे. मी जन्मले त्या दिवशी वादळ सरून संध्याकाळी आभाळ उघडलं होतं. गल्लीभर ते नाव सांगत फिरले म्हणे. चाळिसाव्या दिवशी मला ताप भरला. दूध घेईना, डोळे दाराकडे लागलेले. बाबांना अंगणातून कुणीतरी वान-छिंग म्हणून हाक मारताना ऐकू आलं, दोन वेळा. आईलाही आलं. देवळातल्या म्हाताऱ्याने सांगितलं की जे हाक मारतंय त्याला नाव कळलंय, आता ते नाव लपवा, आणि पोरीला असं नाव द्या की ऐकणाऱ्याला वाटावं, ही कुणाला नकोच आहे. म्हणून बोंग-छी. बाबा म्हणाले, सत्तावीस वर्षं तुला हाक मारताना दर वेळी जीभ चावल्यासारखी व्हायची. आणि तू त्यांना काय काय बोललास रे आईच्या तेराव्याला?

आता माझं ऐक. तुझं पत्र यायच्या आधीची गोष्ट आहे. त्याच रविवारी भर दुपारी मी अंगणात शेंगा पसरत होते. फाटकातून बाईच्या आवाजात हाक आली. बोंग-छी नव्हे. दुसरंच काहीतरी, नीट कळलं नाही. पण मी उठले. तसलं नाव माझं नाही हे माहीत असून माझे पाय उठले आणि फाटकापर्यंत गेले. कुणी नव्हतं. परत वळले तर पुन्हा. तेव्हा पोटात बाळाने अशी लाथ मारली की मी मटकन खालीच बसले. नाहीतर गेले असते. फाटकाबाहेर दहा पावलांवर समुद्र आहे, तुला सांगायला नको.

दोन झाल्या, आ-येन. तिसरी भरू देऊ नकोस. पाटी काढून घे, पाया पड, काही कर.

काळजीत असलेली, तरी तुझीच,
बोंग-छी

तैपेइ, २५ जून

ती. सौ. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचून धावतच सेटवर गेलो. छिउ मास्तरांना सगळं सांगितलं. त्यांनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की थोबाडीत मारली असती तर बरं वाटलं असतं. म्हणाले, गाढवा, एकतिसावी तारीख आम्ही काय हौस म्हणून लिहितो? मग स्वतः माझ्याबरोबर साहेबांकडे आले.

साहेब हसले. पाटीचं जवळून चित्र घेऊन झालंय, ते बदलायचं नाही, हाकही तीच राहणार. वर म्हणाले, बहिणीला खरंच काही झालं तर वर्तमानपत्रात छापून येईल, सिनेमा धो धो चालेल. ताई, मी त्यांना मारलं. एकच, पण दात हलला असेल. मला हाकललंय. पाटी कुलपात आहे. छिउ मास्तर म्हणतात, सिनेमा पुरा झाल्यावर ते ती रीतसर जाळतील, पण तिसरी हाक त्याआधीच भरणार आहेत. शुक्रवारी, ८ जुलैला, सकाळी अकराला.

पेइ-रोंगला सांगितलं. तिने बोलणंच टाकलं माझ्याशी. दोन दिवसांनी स्वतःच खानावळीत समोर येऊन बसली. म्हणाली, तू प्रेमात पडलास की दुसऱ्याचा जीव देतोस का? मग म्हणाली की तिसरी हाक चित्रात समुद्रावर आहे, तिथे ओठ जुळवायचे नाहीत, ती दुसरंच काहीतरी नाव घेईल. साहेब काचेमागे बसलेले असतील, ओरडले तर ओरडू देत.

बाबांना सांग की आईच्या तेराव्याला मी जे बोललो ते... सांगू नको, मीच येऊन सांगेन. मी येऊ का? लगेच निघतो.

तुझ्या मायेला आता पात्र नसलेला,
आ-येन

मागोंग, ३० जून

चि. आ-येन यास,
अ. उ. आ.

येऊ नकोस. बाबा देवळात जाऊन आले. म्हातारा कधीच गेला, त्याचा मुलगा बसतो आता. त्याने सांगितलं, हाक जिथून गेली तिथूनच परत बोलवावी लागते, आणि ज्याने नाव बाहेर दिलं त्यानेच. बाबा म्हणाले मी मारतो हाक, तर तो म्हणाला, तुमच्याकडून नाव चोरीला गेलं, तुम्ही दिलं नाहीत.

पार्सलमध्ये माझा सदरा आहे. मुद्दाम न धुतलेला, तेव्हा नाक मुरडू नकोस. पेलाभर तांदूळ त्यात बांध. अकराच्या ठोक्याला उघड्या जागेवर उभा राहून मला घरी बोलव. खऱ्या नावाने बोलव. लहानपणी फाटकात उभा राहून जेवायला बोलवायचास तसं.

इथे बरं नाही. रोज दुपारी फाटकाशी कुणीतरी उभं असतं. दिसत नाही, पण कुत्रा तिकडे बघत मागे मागे सरतो. तुझ्या दाजींनी मला खोलीत ठेवून बाहेरून कडी घातलीय, आणि बोटीवर न जाता स्वतः दाराशी बसतात. परवा मी झोपेत त्यांना विचारलं म्हणे, वान-छिंग कुठे गेली? कडी काढा, तिला शोधायचंय. हे मला आठवत नाही.

वाट बघणारी,
बोंग-छी

तैपेइ, ८ जुलै

ताई,

वेळ नाही, नमस्कार समजून घे. एक वाजलाय.

छिउ मास्तरांनी मला मागच्या जिन्याने स्टुडिओच्या गच्चीवर नेलं. सदरा हातात होता. खाली पेइ-रोंग माइकपुढे. ती आत्ता माझ्यासमोर बसली आहे, आणि तिने सांगितलं तेच लिहितोय. समुद्राचं चित्र आलं. तिने दुसरं नाव घ्यायला श्वास घेतला. तोंड उघडलं. आवाज निघायच्या आधीच कानावरच्या हेडफोनमध्ये हाक वाजली. वान-छिंग. तिची नव्हे. सेटवर हाक मारणाऱ्या नटीची तर नव्हेच, त्या दिवशी आवाज घेतलाच नव्हता. टेप उलटी फिरवून पाहिली तर त्यावर आहे, स्पष्ट. साहेबांनी टाळ्या वाजवल्या. म्हणाले, पोरी, असा आवाज आजवर कुठे लपवला होतास?

मी तेव्हा गच्चीवर ओरडत होतो. काय काय ओरडलो आठवत नाही. वान-छिंग घरी ये, ताई घरी ये, अगं तुझा भाऊ गाढव आहे, जेवण गार होतंय, ये. शिव्याही दिल्या. घसा बसला. तांदूळ बघितले तर एका बाजूला खड्डा पडलेला, कुणी बोट घालून दाणे काढल्यासारखा. त्याचा अर्थ मास्तर सांगत नाहीत.

तार कर. दोनच शब्द. कुठल्याही नावाने कर, पण कर.

आ-येन

मागोंग, १५ जुलै

चि. आ-येन यास,
अनेक आशीर्वाद, आणि एक थोबाडीत, उधार.

तार केली नाही, कारण नाव घालावं लागतं आणि पोस्टातला बाबू मोठ्याने वाचतो.

मी आहे. शुक्रवारी अकराला मला दोन्ही ऐकू आलं. फाटकाकडून बाईची हाक, गोड, अगदी आईसारखी. आणि त्याच क्षणी मागच्या भिंतीकडून कुणीतरी फाटक्या आवाजात रडत, शिव्या घालत, जेवण गार होतंय म्हणून बोंबलत होतं. आई कधी शिव्या देत नसे. तुझ्याशिवाय इतकं वाईट कुणी बोलवत नाही. मी भिंतीकडे तोंड करून ओ दिली. आणि ओ देतानाच पोट दुखायला लागलं.

मुलगी झाली, दिवस भरायच्या आत. मुठीएवढी आहे, पण रडते तुझ्यासारखी. संध्याकाळ होती. बाबा दुसऱ्याच दिवशी नोंदणी कचेरीत जाऊन माझं नाव बदलून आले. म्हणाले, जिवंत माणसाच्या कागदावर ते नाव असलं तर मेलेल्यांच्या पाटीवर कसं राहील? जाताना मान खाली होती, येताना गल्लीभर सांगत आले. तुझ्या त्या बोलण्याचं त्यांना काही वाटत नाही. ये.

पेइ-रोंगलाही आण. तो सिनेमा कुणी बघू नका.

अजून एक. ते फाटकाशी येतं, दुपारचं. आता हाक मारत नाही. नुसतं उभं राहतं, कान देऊन, आम्ही बाळाला काय म्हणतो ते ऐकायला. म्हणून आम्ही तिला काहीच म्हणत नाही. बाबांनी नाव ठेवलंय, सुंदर आहे, ते या पत्रात लिहीत नाही. आलास की तुझ्या कानात सांगेन. तोवर तूही विचारू नकोस, आणि पत्रात तिच्यासाठी आशीर्वाद लिहिलास तर नावाची जागा कोरी सोड.

माया आहे तशीच आहे, ती कुठे जात नाही.

तुझी ताई,
वान-छिंग