उरलेले तीन हप्ते

५ मार्च, बुधवार

हप्ता कापला गेला. सकाळी सव्वानऊला बाबांच्या फोनवर बँकेचा मेसेज आला आणि त्यांनी लगेच कपाटातलं पॅड काढून वरचं पान फाडलं. दर महिन्याचा सोहळा! छापखान्यात कटिंग मशीनवर आयुष्य काढलेला माणूस. घरासाठी कर्ज मिळालं त्या आठवड्यात त्यांनी दोनशे चाळीस पानं कापली, कडेला डिंक लावला, पॅड बांधलं. वीस वर्षं, महिन्याला एक पान.

"मायक्रोमीटरबाई, मोजून घ्या जरा."

मोजमापाची यंत्रं तपासणं हे माझं काम, म्हणून हे नाव. मोजली. तीन.

जूनचा हप्ता गेला की ते काम सोडणार. छापखान्याच्या मालकांना आधी सांगावं लागतं. पंधरा तारखेला सांगणार आहेत.

त्यांच्या उजव्या हाताची दोन बोटं बधिर आहेत. शर्टाची बटणं आई लावून देते. मशीन जुनं आहे. दोन्ही हातांनी दोन बटणं दाबल्याशिवाय पातं खाली येऊ नये अशी सोय त्यात होती, ती बिघडून बारा वर्षं झाली. आता पायाने चालवतात. म्हणजे पातं उतरतं तेव्हा दोन्ही हात मोकळे असतात — आणि कुठेही असू शकतात.

जून. तेरा आठवडे. मी हे आठवडे मोजते हे बाबांना माहीत नाही.

७ मार्च, शुक्रवार

माझ्या स्वतःच्या घराच्या कर्जासाठी दुपारी बँकेत गेले. एक खोली, स्वयंपाकघर, पूर्वेला खिडकी. साठवलेले साडेपाच लाख भरायचे, उरलेलं पंचवीस वर्षांत. सही बावीस तारखेपर्यंत.

समोर टायवाला. अतिशय गोड.

"मॅडम, हप्ता झेपतोय ना? बास! बाकीचं आमच्यावर सोडा."

मी काही कुणावर सोडत नाही. विचारलं, व्याजदर वाढला तर?

"हप्ता तोच राहतो मॅडम. मुदत ॲडजस्ट होते."

"ॲडजस्ट म्हणजे?"

"म्हणजे... थोडीशी वाढते."

थोडीशी हे माप नाही. लेखी द्या म्हटलं. हसला. टाय सरळ केला. देतो म्हणाला.

८ मार्च, शनिवार

आईने यादी हातात दिली — साबण, काळा दोरा, मशीनची सुई सोळा नंबर, कांदे. (ती घरी कपडे दुरुस्तीची कामं घेते.) दुकानात रांग होती. सहज चिठ्ठी उलटली. मागे छापील अक्षरं :

"…रकमेत कोणताही बदल न करता आपल्या कर्जाची उर्वरित मुदत वाढवि…"

पुढचं कापलेलं. कड अगदी सरळ. बाबांचा हात.

आमच्या घरात एका बाजूने कोरा कागद टाकत नाहीत. बाबा तो छापखान्यात नेतात, चार तुकडे करतात, गठ्ठा बांधून आणतात. आईच्या याद्या, गिऱ्हाइकांची मापं, सगळं त्यावर. आम्ही लहानपणापासून कशाच्या तरी पाठीवरच लिहीत आलो.

कांदे विसरले.

९ मार्च, रविवार

बाबा केस कापायला गेले तेवढ्यात ड्रॉवरमधले सगळे गठ्ठे पलंगावर उलटे मांडले. तुकडे जुळवले. चार पत्रं पुरी झाली, पाचवं अर्धं. वेगवेगळ्या वर्षांची. प्रत्येकाची पहिली ओळ तीच — "आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल झालेला नाही." बाबांनी तेवढीच वाचली असणार. पुढे वाचायचं कारणच काय? पाहुणा आल्यावर ऐटीत सांगतात, "सगळ्यांचे हप्ते वाढले, माझा एका पैशाने वाढला नाही!"

आई दारात उभी होती. "काय शोधतेस?"

"एक माप हरवलंय."

बाबांच्या खात्याचा पासवर्ड मीच लावून दिला होता. त्यांना न विचारता उघडलं. न विचारता — हे लिहून ठेवते.

उर्वरित हप्ते : ६३.

११ मार्च, मंगळवार

लॅबमध्ये जेवणाच्या सुट्टीत पूर्ण हिशेब मांडला. तीनदा तपासला. दर वेळी तेच उत्तर.

कर्ज वीस लाख. दर आठ टक्के, मुदत वीस वर्षं, हप्ता सोळा हजार सातशे एकोणतीस. मूळ ठरल्याप्रमाणे झालं असतं तरी चाळीस लाख भरावे लागले असते. हे बाबांना माहीत होतं, मान्य होतं. "दुप्पट तर दुप्पट, छप्पर आपलं."

पहिल्या हप्त्यातले तेरा हजार तीनशे तेहतीस व्याजात गेले. कर्जातून कमी झाले ते तीन हजार तीनशे शहाण्णव. तिसऱ्या वर्षी दर साडेनऊ झाला. हप्ता तोच! व्याज पंधरा हजारांवर गेलं आणि कर्ज महिन्याला सोळाशेसुद्धा कमी होईना. साडेनऊचा तो दर पाच वर्षं टिकला. पुढे कमी झाला, पुन्हा चढला. पाच वर्षं बाबा ओव्हरटाइम करत होते, मला आठवतं. त्या पाच वर्षांत कर्ज फक्त सव्वा लाखाने उतरलं.

आजवर भरले : एकोणचाळीस लाख चौसष्ट हजार.
अजून देणं : आठ लाख अठ्ठावीस हजार.
पुढचं व्याज धरून सगळं फिटेपर्यंत एकूण : पन्नास लाखांच्या वर.

आणि सगळ्यात वाईट आकडा. तिसऱ्या वर्षी ते पत्र वाचून बँकेला "मुदत नको, हप्ता वाढवा" असं सांगितलं असतं, महिन्याला अठराशे जास्त भरले असते, तर हे कर्ज सहा महिन्यांपूर्वीच संपलं असतं. अठराशे! त्या वर्षी आम्ही नवा टीव्ही घेतला होता.

बँकेने फसवलं असं म्हणता येत नाही. त्यांनी कळवलं होतं. आम्ही त्यावर कांदे-बटाटे लिहिले.

१२ मार्च, बुधवार

सांगितलं नाही.

१३ मार्च, गुरुवार

सांगितलं नाही. बाबा दाढी करताना शिट्टी वाजवत होते. मालकांपुढे काय बोलायचं त्याची तालीम चालली होती — "साहेब, आता हात थकले." मग स्वतःच, "छे, हात थकले नको, रडल्यासारखं वाटतं!"

१४ मार्च, शुक्रवार

उद्या ते मालकांना सांगणार, म्हणून आज सांगणं भाग होतं. चहा झाल्यावर कागद समोर ठेवला. मी कामावर नापास झालेल्या यंत्राबद्दल गिऱ्हाइकाला सांगते तसंच सांगितलं. आधी आकडा, मग कारण. दुसरी पद्धत मला येत नाही.

बाबा आधी हसले. "त्रेसष्ट? अगं, तीन. साठ वरचे कुणाचे? शेजाऱ्यांचे?"

मग चष्मा लावला. मग पॅड आणून टेबलावर ठेवलं, जणू ते साक्षीदार आहे.

"मी एकही हप्ता चुकवला नाही."

"नाही चुकवला."

"एकही नाही!"

"बाबा, तुम्ही हप्ते मोजलेत. कर्ज मोजायचं होतं."

हे बोलायला नको होतं. खरं होतं, पण नको होतं. बराच वेळ त्यांनी कागदावर बोट ठेवलं होतं, त्या पंधरा हजारांच्या ओळीवर. बधिर बोट.

"म्हणजे त्या पाच वर्षांत मी भाडंच भरलं म्हण की. स्वतःच्या घराचं."

आई शिवणयंत्रावर होती. यंत्र थांबलं, पुन्हा सुरू झालं.

१५ मार्च, शनिवार

बाबा नेहमीसारखे कामावर गेले. मालकांना काही सांगितलं नाही.

१७ मार्च, सोमवार

बाबा माझ्याबरोबर त्यांच्या बँकेत आले. इस्त्रीचा शर्ट, वीस वर्षांची पासबुकं पिशवीत. काउंटरवरची मुलगी माझ्याहून लहान. तिने स्क्रीन वळवून दाखवली. पत्रं पाठवल्याच्या तारखा एकाखाली एक.

"काका, तुम्हाला वेळोवेळी कळवलंय."

"हो. मिळाली."

"मग तेव्हा काही विचारलं नाहीत?"

बाबा म्हणाले, "कागद चांगला होता."

तिला कळलं नाही. मला कळलं. मी पायऱ्या उतरताना त्यांच्या पुढे राहिले, माझं तोंड दिसू नये म्हणून.

रस्त्यात म्हणाले, "पाच वर्षं काय, काढीन. सदुसष्टाव्या वर्षी सोडतात लोक. मालक नाही म्हणायचे नाहीत."

१९ मार्च, बुधवार

बाबांचं नख गेलं. उजव्या हाताचं मधलं. पात्याने नखाचा अर्धा तुकडा उडवला, बोट राहिलं. त्यांना कळलंसुद्धा नाही — कागदावर लाल दिसलं तेव्हा समजलं.

"दोन मिलिमीटर इकडे-तिकडे, एवढंच," म्हणाले. "तुझ्या भाषेत."

हसून म्हणाले. मला हसता आलं नाही. आईने पट्टी बदलली, गाठ मारून टोक दाताने तोडलं.

तेरा आठवडे ठीक होतं. दोनशे सत्तर आठवडे नाही. हा हिशेब मी करणार नाही, म्हणजे कागदावर तरी.

२० मार्च, गुरुवार

ठरलं. माझ्या साडेपाच लाखांतले पाच लाख बाबांच्या कर्जात भरायचे. त्रेसष्टचे बावीस हप्ते होतात. एक्केचाळीस हप्ते वाचतात, म्हणजे सहा लाख शहाऐंशी हजार. त्या बावीस हप्त्यांपैकी निम्मा भार मी उचलला, तर बाबा जूनमध्ये सोडू शकतात. माझी खोली राहू दे. पूर्वेची खिडकी दुसरीकडेही असते.

सहा रकान्यांचा तक्ता केला : काहीच न करता, दोन लाख भरून, पाच भरून, हप्ता वाढवून, बँक बदलून, माझी खोली घेऊन. पाच लाखांचा रकाना सगळ्यात बरा.

२१ मार्च, शुक्रवार

भांडण.

"तुझ्या पैशाला मी हात लावणार नाही. संपला विषय."

"हा पैशाचा विषय नाही, बोटांचा आहे."

"माझी बोटं मी बघतो!"

"बघता? तुम्हाला ती जाणवतसुद्धा नाहीत!"

त्यांनी तक्ता घेतला, दुमडला, पुन्हा दुमडला. पट्टीच्या बोटाने कड दाबली. "हे घर मी उभं केलं," म्हणाले. "माझ्या हाताने फेडीन. नाहीतर वीस वर्षं कशाला गेली?"

मी म्हटलं, वीस वर्षं गेली ती गेली, परत मिळत नाहीत. पुढची पाच अजून तुमच्या हातात आहेत.

"हातात!" म्हणाले, आणि पट्टी बांधलेला हात वर केला. मग स्वतःच खाली घेतला.

आई ताटं मांडत होती. तिघं जेवलो. खारट झालंय असं कुणी म्हणालं नाही. झालं होतं.

२२ मार्च, शनिवार

टायवाल्याला फोन करून सही करत नाही म्हणून कळवलं. "मॅडम, पुन्हा विचार करा, असा दर मिळणार नाही!" लेखी देणार होतात त्याचं काय झालं, विचारलं. लाईन खराब झाली.

बाबांना सांगितलं नाही. सोमवारी पाच लाख भरीन आणि पावती टेबलावर ठेवीन. ओरडू देत.

२३ मार्च, रविवार

सकाळी बाबांनी विचारलं, "त्या घराची सही झाली का?" मला खोटं नीट जमत नाही. पुन्हा सुरू झालं — आवाज, टेबलावर हात. मध्येच शिवणयंत्र थांबलं. आई उठून आली, दोघांच्या मध्ये खुर्ची ओढून बसली.

"आठवडाभर ऐकतेय. घर असं वाचवायचं, घर तसं वाचवायचं. मला विचारलंत एकदा तरी? विकून टाका. कर्ज फेडा, उरतील त्यात दोन खोल्या घेऊ. मला हे घर पहिल्या दिवसापासून आवडलं नाही."

माझ्या तक्त्यात सहा रकाने होते. विकण्याचा नव्हता.

बाबा म्हणाले, "मी तर तुझ्यासाठी घेतलं हे."

"माहितीये," आई म्हणाली. "म्हणून तर राहिले."