मुलीचे दोन भाग

मी, देवमन तुळशीराम गणगणे, वय अडुसष्ट, पाटबंधारे खात्यातील निवृत्त लिपिक, राहणार अकोला, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहितो. साखर आहे, गुडघे गेले आहेत; डोके ठिकाणावर आहे. मला कोणी धाक किंवा लालूच दाखवलेली नाही. याआधी मी मृत्युपत्र केलेले नाही. पत्नी गीतांजली गेल्या चैत्रात वारली. आम्हाला मूलबाळ नाही. खालील मिळकत आम्हा दोघांच्या पगारातून झालेली असून आज माझ्या एकट्याच्या नावावर आहे.

१. बँकेतील मुदत ठेवीतून माझा अंत्यविधी साधेपणाने करावा. तेरवीचे जेवण घालू नये. गीतांजलीच्या तेरवीला किती आले आणि दवाखान्यात किती आले, ते मी पाहिले आहे. उरलेली रक्कम शेजारच्या बेबीताई लांडे यांना द्यावी. अमरावतीच्या दवाखान्यात गीतांजलीजवळ त्याच राहिल्या. "भाऊजी, मले कायले पायजे?" असे त्या म्हणतील. तरी द्यावी.

२. गीतांजलीचा फळ्यावरचा लाकडी कंपास व गुण्या बेबीताईंच्या नातीकडे आहेत, तिच्याकडेच राहू द्यावेत. शाळेला देऊ नयेत. अकोटजवळच्या त्या शाळेत रोज एसटीने जाऊन तिने सहावी ते आठवीला गणित शिकवले. शोकसभेत मुख्याध्यापक म्हणाले, मॅडम विज्ञान फार छान शिकवायच्या.

३. पत्नीचे धाकटे भाऊ ओमप्रकाश बोचरे, राहणार अकोट, यांना काहीही नाही. नाव राहून गेले असे कोणी समजू नये. सासरे वारल्यावर त्यांनी गीतांजलीकडून शेतातल्या हिश्शाचे हक्कसोडपत्र करून घेतले. "ताई, भावाले काय मागतं? माहेर त तुयंच हाय." तिने सही केली. मला म्हणाली, "जाऊ द्या. याले-जाले एक घर राहते."

४. ओमप्रकाश यांचा मुलगा रोहित. दोन उन्हाळे घरी ठेवून गीतांजलीने त्याला गुणोत्तर-प्रमाण शिकवले, तेव्हा तो गणितात पास झाला. तिच्या तेरवीच्या मांडवात त्याने मला विचारले, "आतोबा, प्लॉट किती बाय कितीचा हाय?" उत्तर येथे देतो : तीस बाय पन्नास. त्याला माझ्याकडून एवढेच.

५. सदर प्लॉट व त्यावरील घर मी रोहितची बहीण रागिणी हिला देतो. ती लग्न होऊन धामणगाव रेल्वे येथे असते. कारण लिहिणे भाग आहे.

रागिणी सातवीत गीतांजलीच्याच वर्गात होती. हक्कसोडपत्र होऊन वर्षही झाले नव्हते. घटक चाचणीत उदाहरण होते : त्रेसष्ट गुंठे जमीन मोठा मुलगा, धाकटा मुलगा व मुलगी यांना ४:३:२ या प्रमाणात वाटा. भागांची बेरीज नऊ, एक भाग सात गुंठ्यांचा, मुलीला चौदा. या धड्यात वर्गात सर्वांत हुशार रागिणी. तिने बेरीज सात केली. मोठ्याला छत्तीस, धाकट्याला सत्तावीस, मुलीपुढे शून्य.

गीतांजलीने तिला उभे केले. "मुलीचे दोन भाग कुठे गेले?"

"मॅडम, पोरगी त सोडून देते ना. तुमी बी सोडले."

वर्ग हसला. मागून एक पोरगा म्हणाला, "अन् मॅडम, भाग बी बराबर जाते, बाकी काईच उरत नाही!"

संध्याकाळी पेपर माझ्यापुढे ठेवून गीतांजली म्हणाली, "रीत बराबर हाय तिची. एकाही जागी चुकली नाही पोरगी." त्या दिवशी ती जेवली नाही.

आता ओमप्रकाश यांनी रागिणीचेही हक्कसोडपत्र तयार ठेवले आहे, असे कळते. मी तिला घराबद्दल फोनवर सांगितले. ती म्हणाली, "आतोबा, नका देऊ मले. दादा बोलन नाही माह्यासंग. माहेर तुटन."

६. रागिणीने घर नाकारले, तर ते बेबीताईंना जावे. रागिणीने ते स्वतःच्या नावे करून मग भावाला लिहून दिले, तर मला अडवता येणार नाही, असे वकील म्हणतात. म्हणून तिच्यासाठी एवढेच लिहितो.

तुझ्या आत्याने माहेर टिकावे म्हणून सही केली. अमरावतीला ती हिवाळाभर खाटेवर होती. दर रविवारी बेबीताईंकडून केस विंचरून घ्यायची आणि दाराकडे तोंड करून बसायची. अकोटहून कोणी आले नाही. मी तिला सांगायचो, एसटी बंद आहे. ती विचारायची, "अजून?" एसटी रोज चालू होती.

हे वाचून तुला सही करायची असेल, तर कर.

मृत्युपत्राची अंमलबजावणी माझे खात्यातील सहकारी देवानंद चिंचोळकर यांनी करावी.

ठिकाण : अकोला
दिनांक : ११ फेब्रुवारी २०२५
(सही) देवमन तुळशीराम गणगणे

वरील मजकूर देवमन गणगणे यांनी आम्हाला वाचून दाखवला व आमच्या डोळ्यांसमोर सही केली. आम्ही दोघांनी त्यांच्यासमोर सह्या केल्या.

साक्षीदार :
१. (सही) देवानंद किसनराव चिंचोळकर, अकोला
२. (सही) अनुप बुधाजी खंडारे, बाळापूर