डावीकडची जागा

ब्रॅकशॉ,
११ मे २००४

लाडक्या रसेल,

गुडघा कसा आहे? बर्फ लावतोयस की नेहमीसारखं अंगावर काढतोयस? मी ठीक आहे. मांजराने शेजारच्यांच्या वाफ्यात पुन्हा घाण केली, तेवढं सोडलं तर गल्लीत शांतता आहे. आमच्या सिरिलच्या परसातल्या आंबट रुबार्बला यंदा मनगटाएवढे दांडे आलेत. एवढा मुरंबा करून घालायचा कुणाला, हाच प्रश्न.

गावाची बातमी तुला काय सांगायची, ती तूच घडवलीस. मॉरीनने तिच्या मासे-चिप्सच्या दुकानातला तुझा फोटो उतरवला. भिंतीवर आता नुसता चौकोनी डाग उरलाय आणि लोक त्या डागालाही शिव्या देतात. मी म्हटलं, "मॉरीन, सोळाव्या वर्षी हा पोरगा तुझ्याकडचे उरलेले मासे खाऊन वाढला." तर म्हणाली, "म्हणून तर जास्त झोंबतं, विन."

आपल्या संघाचे बूट-कपडे सांभाळणारा बर्ट सांगत होता की तू आता या गावात पाय ठेवणार नाहीस म्हणे. मोठा आलास!

फोन करणार होते. पण फोनवर मला धड बोलता आलं नसतं, म्हणून लिहायला बसले. लिहिताना निदान थांबता येतं.

तू आमच्याकडे राहायला आलास तेव्हा गावच्या फुटबॉल क्लबने सांगितलं होतं, पोराचा उजवा पाय सोन्याचा आहे. सिरिल म्हणाला, "आणि डावा काय बस पकडायला दिलाय?" मग माझ्या या नवऱ्याने तुझ्या उजव्या पायात माझी सपात चढवली आणि डाव्यात बूट. परसातल्या कोळशाच्या खोलीच्या दारावर चेंडू मार म्हणाला. उजव्याने मारलास की सपात उडून कुंपणापलीकडे, आणि ती आणायला मी! त्या हिवाळ्यात माझ्या तीन सपाता गेल्या. दाराचे पोचे अजून तसेच आहेत, सिरिलने कधी रंग लावू दिला नाही.

मग तू आमच्या संघात सात वर्षं खेळलास. गोल झाला की डावा हात वर करून प्रेक्षकांतल्या सिरिलच्या खुर्चीकडे बघायचास. पुढे मोठ्या क्लबने नेलं, तिथे घोटा मोडला, मग हा क्लब, तो क्लब, कुणी हंगामभर ठेवलं, कुणी उसनं घेतलं. सिरिलला तुझ्या क्लबांची नावं लक्षात राहायची नाहीत. शनिवारी निकाल लागले की एवढंच विचारायचा, "आपल्या पोराने मारला का?"

आता शनिवारचं, तू आमच्याविरुद्ध खेळलास ते. आम्हाला नुसती बरोबरी पुरली असती, मग खालच्या विभागात जायची वेळ आली नसती. शेवटची दहा मिनिटं उरली असताना चेंडू तुझ्या डावीकडे आला. पाय मागे जाताना बघूनच मला कळलं की हा आत जाणार. गेला. आणि मग तू काय केलंस? मान खाली घातलीस, हात जोडलेस. जुन्या क्लबवर गोल मारला की आनंद करायचा नाही, हे तुमचं हल्लीचं शास्त्र मला माहीत आहे. तरी माझा संताप झाला, रसेल. गोलचा नाही. माफी कसली मागत होतास? आमच्या परसात शिकलेलं काम तू चोख केलंस.

माझा डावा हात मात्र वर गेला. आपल्या गावच्या गर्दीत, एकटीचा. मागून कुणीतरी ओरडलं, "म्हातारीला घरी न्या!"

शेजारची खुर्ची रिकामी होती. तिच्यावर मी सिरिलची टोपी ठेवली होती.

तो गुरुवारी गेला, बाळा. छातीत कफ साठला होता, इस्पितळातून परत आलाच नाही. बुधवारी मी तुला कळवायचं म्हटलं, तर डोळे वटारून म्हणाला, "शनिवार होईपर्यंत एक शब्द नाही. डोक्यात काही असलं की त्याचा चेंडू आभाळात जातो."

मी म्हटलं, "अरे, तो आपल्याच विरुद्ध खेळतोय!"

"मग काय वाईट खेळायचं?"

म्हणून मी गप्प बसले. बर्टलाही शपथ घातली. कळवलं असतं तर कदाचित आम्ही वाचलो असतो, हे गावाला समजलं तर मॉरीन मला चिप्स विकणार नाही. मला त्याची टोचणी नाही. तुला त्याचा हात धरता आला नाही, त्याची मात्र आहे.

पुढच्या बुधवारी, एकोणीस तारखेला, अकरा वाजता चर्चमधून न्यायचंय. सहा खांदे लागतात, पाच ठरलेत. मॉरीनचा नवरा केन म्हणाला, "रसेल असेल तर मी नाही." मी म्हटलं, "मग चौघांनी न्या, पण त्याची जागा त्याचीच." दुसऱ्या दिवशी सकाळी टोपी हातात धरून आला आणि विचारलं, "मी कुठल्या बाजूला उभा राहू, विन?"

त्याला उजवीकडे ठेवलंय. तुझी जागा डावीकडे, पुढची. तिथे पेटी उजव्या खांद्यावर येते आणि बाहेरच्या हाताने, म्हणजे डाव्या, ती सावरून धरायची असते.

तेव्हा या वेळी तो हात वर कर.

वाट बघणारी,
विन आंटी