सहाव्या अवताराचा अर्थ

आप्पा, तुम्हाला जाऊन चाळीस वर्षं झाली, पण देवळात तुम्ही सांगितलेला परशुरामाचा अर्थ मला अजून तोंडपाठ आहे. महाराष्ट्र राज्य झालं त्याच्या आदल्या वर्षी, मार्गशीर्षात, दहा दुपारी दहा अवतार सांगायला तुम्ही बसला होतात. वामनाच्या दिवशी, बळीच्या डोक्यावरचा पाय म्हणजे अहंकारावरचा पाय, असं सांगून तुम्ही घरी आलात, तर आई नदीवरून परतली नव्हती. जत्रेला आलेल्या दशावतारी मंडळीतल्या एका नटाशी ती बोलत उभी आहे, असं कुणीतरी वाटेत तुमच्या कानावर घातलं होतं. तो तिच्या माहेरचा, इन्सुलीचा. तिची आई अंथरुणाला खिळल्याचा निरोप त्याने आणला होता, हे आम्हाला मागाहून कळलं. तुम्ही विचारलंच नाहीत. ती घरापुढच्या खळ्यात शिरताना दिसली तसे मला म्हणालात, "दार लाव." मी बारा वर्षांची; थोरला दादाही तिथेच होता. मी दार लावलं, आतून अडसर घातला.

"गो चेडवा, दार उघड. माका आत येवंदे," आई बाहेरून म्हणते आहे. मी तुमच्याकडे बघते. तुम्ही उपरण्याची घडी घालता आहात. बऱ्याच वेळाने ती म्हणाली, "बरा तर, मी जातंय," आणि धुतलेले कपडे पायरीवर ठेवून माहेरी निघून गेली.

दुसऱ्या दिवशी परशुराम. नदीवर रेणुकेचं मन क्षणभर चळलं, जमदग्नीने मुलाला आज्ञा केली, मुलाने आईचं मस्तक उडवलं. "माता म्हणजे ममता. ती छेदल्यावाचून मुक्ती नाही," तुम्ही म्हणालात. सभामंडपात माना डोलल्या. आमच्या घरात काय झालं ते त्यातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. घरी मी धीर करून विचारलं, "पण आप्पा, त्याने वर मागून आईला परत जिवंत केली ना?"

"वर मुलगे मागतात," तुम्ही शांतपणे म्हणालात. घरातही तुम्ही असंच पुस्तकी बोलायचात. "तू भात चढव."

पाऊस सुरू व्हायच्या आत आई गेल्याचं कार्ड इन्सुलीहून आलं. तुम्ही ते वाचलंत, आंघोळ केलीत आणि मला शाळेत पाठवलंत.

तुम्हाला लिहिलेला हा कागद मी माझ्या मुलांच्या हाती लागू देणार नाही. दार तुम्ही लावलंत, असंच मी त्यांना सांगत आले आहे. आणि खरं सांगायचं तर, अडसर घालताना मला आईचं काहीच वाटलं नव्हतं. तुम्ही काम मला सांगितलंत, दादाला नाही, एवढंच वाटलं होतं.